लुंब्याच्या नावे

एप्रिल लागला की पुण्यात दोन वास सुटतात. एक आंब्याच्या पेट्यांतल्या वाळक्या गवताचा आणि दुसरा गरम झेरॉक्सचा. पहिल्याचं कौतुक सगळेच करतात, दुसऱ्याचं कुणी नाव काढत नाही. मला मात्र तो दुसराच आधी येतो. नारायण पेठेत आमच्या जिन्याखाली झेरॉक्सचं दुकान आहे, आणि परीक्षा जवळ आल्या की तिथं पोरापोरींची अशी झुंबड उडते की मला स्वतःच्याच घरी जायला "जरा सरकता का?" अशी विनवणी करावी लागते. कुणी सरकत नाही. त्यांचं तरी काय चुकतं? सबमिशनच्या आदल्या दिवशी माणूस माणसात नसतोच.

इतकी वर्षं त्या वासानं मला बरं वाटायचं. यंदा तो नकोसा झाला.

त्याचं झालं असं. त्या गर्दीतच जिन्याच्या दुसऱ्या पायरीवर अडकून उभी असताना फोन वाजला. सुमाआत्याचा निरोप होता. सुमाआत्या म्हणजे माझ्या वडिलांची धाकटी बहीण. जन्मभर शाळेत विज्ञान शिकवलं आणि आता शहराबाहेर मांजरी गावात एका नव्या सोसायटीत एकटी राहते. निरोपात उगवता सूर्य, त्याच्या पोटात कमळ आणि कमळाखाली हिरव्या अक्षरांत दोन ओळी:

हे लुंबाच्या नावे.
लुंबा, दुखणे दूर जावे.

खाली आत्यानं लिहिलं होतं, "मंत्र-कोड आहे. म्हणून बघ आशू, तुझी पाठ दुखते ना. मी तर पाडव्यापासून प्रेशरच्या गोळ्याही बंद केल्यात."

अंगावर पाल पडावी तशी मी शहारले. एक तर त्या गोळ्या. माझे वडील प्रेशरनंच गेले. सकाळी चहाचा कप हातातून सुटला तो सुटलाच. आणि दुसरं म्हणजे, लुंबा कोण हे उभ्या जगात दोनच माणसांना ठाऊक होतं, आणि त्यांतली एक मी होते.

लुंब्या हा कुत्रा होता.

आमचं इंजिनिअरिंगचं कॉलेज वाघोलीला, आणि तिथं तेव्हा कॉलेजं जास्त आणि घरं कमी होती. नगर रस्त्यानं खडीचे डंपर धावायचे, आणि वर्गातल्या बाकांवर पांढऱ्या धुळीचा असा थर बसायचा की त्यावर बोटानं गणित सोडवता यावं. एप्रिलमध्ये सूर्य डोक्यावर आणि सबमिशन मानगुटीवर. ड्रॉइंगच्या शीट आम्ही जीटी मारायचो, म्हणजे काचेखाली दिवा लावून दुसऱ्याची शीट सरळ गिरवायची. तापलेल्या काचेनं कोपरं भाजायची, घाम टपकून रेघ फुटायची. फाईलींचीही तीच गत. दुसऱ्याची फाईल उतरवताना त्याचा रोल नंबरसुद्धा इमानदारीनं उतरवणारे महाभाग आमच्या वर्गात होते, आणि पराग त्यांचा मुकुटमणी होता.

पराग अकोल्याचा. होस्टेलला राहायचा, मी नारायण पेठेतून बस बदलत यायचे. ओरल परीक्षेचा नंबर लागेपर्यंत मेसच्या पत्र्याच्या शेडखाली ताटकळायचं हा त्या महिन्यातला मुख्य विषय. बाहेरून येणारे परीक्षक जेवायला बसले की उठायचंच विसरायचे. त्या रिकाम्या वेळात आम्ही दोघांनी एक जादू बनवली.

जादू म्हणजे टोपीतून ससा नव्हे. आमच्या जगात जादूगार ऑफिसात बसायचे आणि मंत्र लिहायचे, अगदी आम्ही प्रोग्रॅम लिहितो तसे. मंत्रात काना चुकला तर तो साभार परत. नाव न घालता पाऊस मागितला, तर तो कुणाच्याही स्वयंपाकघरात पडायचा. आळशी जादूगार दुसऱ्याचा प्रेमाचा मंत्र तसाच उतरवायचे आणि पोरगी त्या दुसऱ्याच्याच गळ्यात पडायची. हे सगळं अर्थातच परागच्या फाईलींवरून सुचलेलं होतं.

प्रत्येक मंत्राला तीन ओळी हव्यात असा आमचा कायदा होता. पहिलीत नाव, म्हणजे कुणासाठी. दुसरीत काम. आणि तिसरीत, कुठं थांबायचं. ही तिसरी ओळ लॅबनं शिकवली. कुणीतरी एकदा थांबायची अट न घालता प्रोग्रॅम चालवला आणि तो गरगर फिरतच राहिला. शेवटी लॅबच्या काकांनी वैतागून मेन स्विच पाडला, आणि सगळ्या वर्गाचं काम गेलं. त्या दिवशी परागनं ठरवलं, "तिसरी ओळ नसलेला मंत्र म्हणजे बिनब्रेकचा डंपर बाप्पा. असा मंत्र लिहिणाऱ्याले आपल्या जगात फाशी."

लुंब्या मेसच्या दाराशी असायचा. एक कान उभा, एक लोंबणारा, म्हणून लुंब्या. पोळीचा तुकडा दिला तर आधी संशयानं हुंगायचा, कारण त्या मेसची पोळी त्यानंही खाऊन पाहिलेली होती. एक दिवस भरदुपारी त्याला टेम्पोची धडक बसली. मागचा पाय वाकडा झाला आणि ते जनावर शेडखाली येऊन असं विव्हळायला लागलं की हातातली फाईल कुठं पडली ते मला कळलं नाही. पराग त्याच्या डोक्याशी बसला, आणि काहीच सुचेना म्हणून आम्ही लुंब्याचा लुंबा करून आमचंच शस्त्र काढलं.

हे लुंबाच्या नावे.
लुंबा, दुखणे दूर जावे.
लुंबा, न गेले तर थांबावे, माणसाला बोलवावे.

हसत नव्हतो आम्ही. रडू येऊ नये म्हणून म्हणत होतो. कुत्रं विव्हळतच होतं. मग पराग उठला, म्हणाला, "न गेले. चाल, तिसरी ओळ," आणि भर उन्हात नगर रस्त्यानं जनावरांच्या डॉक्टरकडे पळत सुटला. तेवढ्यात आत त्याच्या ओरलचा पुकारा झाला. तो डॉक्टरांना घेऊन आला तेव्हा परीक्षक निघून गेले होते. त्याचा विषय राहिला, लुंब्याचा पाय वाचला. जन्मभर लंगडला कुत्रा, पण जगला.

"वेडा आहेस का रे?" मी विचारलं होतं. तर म्हणाला, "मंत्रात लिहिलं होतं ना. मग थांबावंच लागते."

ह्या एका वाक्यासाठी मी त्या माणसाला इतकी वर्षं मनातल्या मनात चांगला म्हणत आले. आता त्याची चीड येते ती ह्याच वाक्यामुळे. मुळातच नालायक असलेला माणूस नालायक निघाला तर त्यात किळस कसली? तो तर नुसता हिशेब जुळणं झालं.

आत्यानं पाठवलेल्या निरोपातच त्या संध्याकाळच्या मंत्र-कोड कार्यक्रमाचा पत्ता होता, आणि नशीब असं की तो आमच्या पेठेतल्याच मंगल कार्यालयाचा होता. गेले. दारात निशिगंध, आत एसी, आणि त्या दोन्हींना पुरून उरलेला मोज्यांचा वास. साठी ओलांडलेली माणसं शिस्तीत बसलेली, मांडीवर पाण्याच्या बाटल्या. मंचावर पराग. लिननचा कुर्ता, समोर लॅपटॉप, मागच्या पडद्यावर काळ्या पार्श्वभूमीवर घसरत जाणारी हिरवी अक्षरं. ती अक्षरं कसली होती हे मला खुर्चीत बसल्या बसल्या वाचता आलं: पहिल्या वर्षाला शिकवतात तो बेरजेचा प्रोग्रॅम. दोन आकडे घ्या, बेरीज छापा. त्या बेरजेपुढं माणसं हात जोडून बसली होती.

"आपलं शरीर म्हणजे हार्डवेअर," पराग सांगत होता. भाषा अशी धुऊन पुसून घेतलेली, की प्रत्येक ळ वेगळा मोजून घ्यावा. "आपल्या ऋषींनी कोड लिहिला होता. आम्ही फक्त तो डीबग केला. लुंब हे मूळ बीज आहे."

आणि मग त्या हॉलमधली सगळी माणसं डोळे मिटून एका सुरात म्हणायला लागली. हे लुंबाच्या नावे. लुंबा, दुखणे दूर जावे. हे लुंबाच्या नावे. लुंबा, दुखणे दूर जावे. शेजारच्या बाईंच्या गालांवरून पाणी वाहत होतं. कुणाच्या तरी दुखण्यासाठी त्या जीव ओतून मागत होत्या, आणि पत्ता घातला होता वाघोलीच्या एका लंगड्या कुत्र्याचा. खरं तर हसून लोळायला हवं होतं. मला शिसारी आली. जिभेच्या मुळाशी कडवट लागणारी, खरीखुरी.

मी सॉफ्टवेअर टेस्टर आहे. दुसऱ्यांच्या कामातल्या चुका काढायचा मला पगार मिळतो. नारायण पेठेत हे काम लोक फुकट करतात. पण इतकी आळशी चूक मी नोकरीतही पाहिली नव्हती. ह्या गृहस्थानं फाईल उतरवली होती, आणि नेहमीप्रमाणे रोल नंबरसुद्धा बदलला नव्हता.

मध्यंतरात तो मागं खिचडीच्या पातेल्यांपाशी सापडला. मला पाहिल्यावर क्षणभर खरंच आनंदला, तेही मला सहन झालं नाही.

"तिसरी ओळ कुठाय?" मी विचारलं.

"कोणती तिसरी?"

"पराग, मी तुझी भक्तीण नाही. तिसरी ओळ."

त्यानं इकडंतिकडं पाहिलं आणि आवाज खाली आणला. त्याबरोबर भाषाही अकोल्याला परतली. "अवं, ते टाकली त लोकं थांबतील ना! दुसऱ्या दिवशी दुखणं गेलं नाही, की बंद. मग चालन कसं?"

"आणि नाव? निदान कुत्र्याचं नाव तरी बदलायचं होतंस."

"लुंब ऐकाले भारी वाटते. आणि कोणी विचारलंच नाही काय आहे म्हणून." तो हसला. "तू काहून येवढी चिडून राह्यली? लोकायले बरं वाटते ना?"

"माझ्या आत्यानं प्रेशरच्या गोळ्या बंद केल्यात."

"मी कधीच गोळ्या बंद करा म्हणत नाही," तो एकदम परत पुणेरी झाला. "कधीच नाही."

"चालू ठेवा, असं म्हणतोस?"

त्यानं हळूच एक द्रोण उचलला, माझ्यापुढं केला आणि म्हणाला, "खिचडी घे ना, गरम आहे."

माणसानं चुकीची कबुली द्यावी, नाहीतर भांडावं. खिचडी काय देतोस? तो द्रोण तसाच टेबलावर ठेवून मी बाहेर पडले. घरी येऊन साबणानं हात धुतले. त्याच्या हातचं काही खाल्लं नव्हतं, तरी चूळ भरली.

तसा मला मंत्रांचा राग नाही. आमच्या घरात अथर्वशीर्ष म्हटलं जातं, मीही म्हणते, आणि ते म्हणून कुणी दवाखाना बंद केलेला मला माहीत नाही. हे वेगळं होतं. पराग भगवे कपडे घालून आला असता, तर सुमाआत्यानं त्याला दारातूनच हाकललं असतं. तिनं आयुष्यभर भोंदू लोकांची अशी टिंगल केली आहे की विचारू नका. तो लॅपटॉप घेऊन आला आणि कोड म्हणाला. तिच्या स्वतःच्या देवाचे कपडे घालून आला. म्हणून ती फसली, आणि म्हणून मला त्याची इतकी घाण वाटते.

दुसऱ्या दिवशी मांजरी गाठली. तिकडं अजून सोसायटीच्या भिंतीपलीकडं ऊस उभा आहे. बाल्कनीत कपडे वाळत घालताना खालून पाचटाचा वास येतो आणि वरच्या मजल्यावर ड्रिलिंग चालू असतं. आत्यानं दार उघडलं. डोळे लालसर, मान धरल्यासारखी, पण चेहरा उत्साही.

"डोकं दुखतंय का?" मी चपला काढायच्या आधीच विचारलं.

"मागच्या बाजूला थोडं. ते विष बाहेर पडतंय म्हणतात."

प्रेशरचं यंत्र काढून तिच्या दंडाला पट्टा बांधला. आकडा फारच वर होता. वडिलांचा चहाचा कप दिसायला लागला. मग मी सगळं सांगून टाकलं. शेड, मेस, टेम्पो, लुंब्या. एक कान उभा, एक लोंबता.

आत्यानं शांतपणे ऐकून घेतलं, वर्गात मुलाचं चुकलेलं उत्तर ऐकावं तसं. मग म्हणाली, "असेल कुत्रा. सफरचंद कुणाच्या झाडाचं होतं, ह्यावर गुरुत्वाकर्षण खरं की खोटं ठरतं का?"

आता काय बोलणार, कपाळ! हुशार माणसाला चुकीच्या जागी हुशारी सुचली की देवही हात टेकतो. मी चिडले, बाबांचं नाव काढलं, तीही चिडली. "तुझ्या बापानं गोळ्या घेतल्या होत्या, तरी गेलाच ना?" ती म्हणाली. गोळ्यांची पाकिटं फ्रीजवर होती. वर धूळ बसली होती.

मग मी जे केलं त्याची मला अजून किळस आहे.

"आत्या," मी म्हटलं, "त्यानं तुला अपुरा कोड दिलाय."

ती वळली. "अपुरा म्हणजे?"

"मंत्र तीन ओळींचा आहे. तिसरी त्यानं गाळली. लुंबा, न गेले तर थांबावे, माणसाला बोलवावे. आणि लुंबाच्या जागी ज्याचं दुखणं त्याचं नाव घालायचं असतं. त्याशिवाय लागू पडत नाही."

म्हणजे बघा, खरं बोलले तेव्हा मला उडवून लावलं, आणि परागच्याच दुकानातला माल विकायला बसले तेव्हा तिचे डोळे चमकले. ती संतापलीच. परागवर. फसवलं म्हणून नाही हं, सूत्र अर्धवट शिकवलं म्हणून! "अटी न सांगता सूत्र देतो? मी असं शिकवलं असतं तर मुख्याध्यापकांनी घरी बसवलं असतं!" तिनं चष्मा लावला, खुर्चीत ताठ बसली आणि स्वतःचं नाव घालून तीनही ओळी म्हटल्या. मग स्वतःच पट्टा बांधला. आकडा तोच.

"न गेले," ती म्हणाली. निष्कर्ष लिहावा तसं. "मग थांबायचं. बोलाव त्या खालच्या डॉक्टरांना."

डॉक्टर आले, रागावले, गोळ्या सुरू झाल्या. मी रात्री तिथंच राहिले. सकाळी आकडा उतरला होता आणि आत्या ताजीतवानी होऊन पोह्यांना कांदा चिरत होती. मला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं, पण वाटत होतं ते खोटी सही केल्यासारखं. ठरवलं, चहा घ्यायचा, निघायचं, आणि हे लुंब प्रकरण आयुष्यातून धुऊन टाकायचं.

तर बेल वाजली. दारात ताराबाई. शेजारच्या गावठाणातून सोसायटीत दूध घालायला येतात. आत्यानं पहाटेच त्यांच्यापाशी माझं गुणगान करून ठेवलं होतं, हे मला तेव्हा कळलं.

"पुरा मंतर तुमच्यापाशी हाय म्हनं," ताराबाई म्हणाल्या.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. "अहो ताराबाई, तो मंत्रबिंत्र काही नाही, आम्ही कॉलेजात असताना—"

"आमच्या ह्यांनी साखरेची सुई बंद केलीया," त्या माझं बोलणं न ऐकता म्हणाल्या. "पायाचा अंगठा काळा पडलाय. वास येतोय. डाक्टरचं नाव काढलं की वरडत्यात. मंतर चालू हाय, मधी सोडला तर कोप व्हतो म्हनत्यात."

"अहो पण तो मंत्र खोटा आहे."

"खरा हाय का खोटा हाय, ते मला नगं बाई." किटली त्यांनी दोन्ही हातांनी धरली होती. "थांबायचं कुटं, तेवढी वळ सांगा."

मी आत्याकडं पाहिलं. ती कांदा चिरायची थांबली होती. माझ्या तोंडात परवाचीच कडवट चव आली, आणि मी सांगायला लागले.

"पहिल्यांदा नाव घालायचं. तुमच्या यजमानांचं नाव काय?"

ताराबाईंनी चटकन पदर तोंडाला लावला. "अगं बया! ह्या वयात आता नाव घ्याचं व्हय?"

"उखाण्यात घेतलंच असेल की."

"ते लग्नात. पुन्यांदा कदी तोंडानं न्हाई घेतलं."

"घ्यावंच लागेल ताराबाई," आतून आत्याचा शाळेतला आवाज आला. "आणि स्पष्ट."

ताराबाईंनी किटली खाली ठेवली. पदर सारखा केला. एकदा पुटपुटल्या, ते कुणालाच ऐकू गेलं नाही. मग मान वर करून म्हणाल्या, "सोपान." आपलाच आवाज आपल्याला नवा वाटावा तशा थांबल्या, आणि मग मी सांगत गेले तशा माझ्यामागून म्हणत गेल्या. "हे सोपानच्या नावे. सोपान, दुखणे दूर जावे. सोपान, न गेले तर थांबावे, माणसाला बोलवावे."

"झालं," मी म्हटलं. "एवढंच. हे त्यांना जाऊन ऐकवा."

पण त्या हलल्या नाहीत. माझ्याकडंच बघत उभ्या राहिल्या.

"ऐकवते की," त्या म्हणाल्या. "पर तुमी चला."

"मी? मी कशाला?"

"मानसाला बोलवावे, म्हनलासा न्हवं? मग बोलवतीया."

मी चपला घातल्या आणि गाडीची किल्ली उचलली.